थोड्या रेषांचा धनी : दुशान वुकोतिच

इ. स. १९६२ च्या एप्रिल महिन्याच्या ९ तारखेस अमेरिकेतील सँटा मोनिका या शहरी चित्रपट अकादमीचा वार्षिक पारितोषिक समारंभ झाला. ऑस्कर या नावाने सर्वत्र ओळखली जाणारी ही पारितोषिके. त्यांत एक छोटासा विभाग लघु व्यंगचित्रपटांचा असे. त्या वर्षी या विभागात पाच चित्रपट निवडले गेले होते. एक वॉल्ट डिस्ने यांच्या संस्थेचा, तीन वॉर्नर बंधूंच्या संस्थेचे, आणि पाचवा अटलांटिक महासागरापलीकडून, युगोस्लाव्हियातील झाग्रेब या शहरातून आलेला. त्याचे नाव ‘सुरोगात’. खऱ्याच्या जागी बसवलेली नकली वस्तू, असा या शब्दाचा अर्थ. त्या रात्री पारितोषिक मिळाले ते या पाचव्या चित्रपटाला. हा विभाग सुरू झाल्याला तीस वर्षे होत आली होती. परंतु परदेशी चित्रपटाने तेथे बाजी मारल्याचा हा पहिलाच प्रसंग होता. चित्रपटाचे दिग्दर्शक होते दुशान वुकोतिच.

हॉलिवूडच्या चित्रशाळांत त्या काळी चित्रकारांचे तांडेच्या तांडे काम करीत. यंत्रे, पैसा, अनुभव, जगभर पसरलेले वितरणाचे जाळे, यांपैकी कशाचीही तेथे वाण नव्हती. झाग्रेबच्या चित्रशाळेला तेव्हा अवघी पाच वर्षे झाली होती. अशा परिस्थितीत हा प्रकार घडला कसा? याचे उत्तर बहुधा एका वाक्यात दिले जाते. ही मंडळी गरीब होती, म्हणून त्यांनी थोड्या चित्रांत भागवले आणि त्यातून एक नवी शैली जन्मास आली, असे ते उत्तर. हे उत्तर खोटे नाही; पण ते अपुरे आहे. ते कोठे अपुरे पडते, हे वुकोतिच यांच्या आयुष्यक्रमावरूनच समजून घेता येते.

वुकोतिच यांचा जन्म ७ फेब्रुवारी १९२७ रोजी हेर्झेगोव्हिना प्रांतातील बिलेचा या गावी झाला. दुसरे महायुद्ध संपले तेव्हा ते अठरा वर्षांचे होते. पुढे क्रोएशियाची राजधानी असलेल्या झाग्रेब शहरात त्यांनी वास्तुशास्त्राचे शिक्षण घेण्यास आरंभ केला. इमारतीचा आराखडा काढताना रेष उगाच ओढता येत नाही. प्रत्येक रेषेला काही तरी भार पेलावा लागतो. हा धडा त्यांना पुढे आयुष्यभर उपयोगी पडला. परंतु त्यांचा हात इमारतींपेक्षा माणसांच्या लकबी टिपण्यात अधिक रमे. त्या वेळी झाग्रेबमध्ये ‘केरेम्पुह’ नावाचे एक विनोदी साप्ताहिक निघत असे. त्याच्यासाठी ते व्यंगचित्रे काढू लागले.

या साप्ताहिकाच्या कचेरीतच क्रोएशियन व्यंगचित्रपटाचा पाळणा हलला, असे म्हणण्यास हरकत नाही. १९४८ साली मार्शल टिटो यांच्या युगोस्लाव्हियाने स्टालिन यांचे वर्चस्व झुगारून दिले. त्या कलहावर बोचरे भाष्य करणारा एक व्यंगचित्रपट काढावा, ही कल्पना ‘केरेम्पुह’चे संपादक फादिल हाजिच यांच्या मंडळींनी उचलून धरली. वाल्टर आणि नॉर्बर्ट नॉयगेबाउअर या बंधूंनी तो चित्रपट तयार केला. ‘वेलिकी मितिंग’, म्हणजे ‘मोठी सभा’, हे त्याचे नाव; साल १९५१. व्यंगचित्रपट कसा काढतात हे शिकवणारी शाळा तेथे नव्हती. जे काही शिकायचे ते स्वतः धडपडून, चुका करून शिकायचे, अशी स्थिती होती. तरीही चित्रपट पुरा झाला. त्याच्या यशामुळे ‘दूगा फिल्म’ ही खास व्यंगचित्रपटांसाठीची संस्था निघाली. ‘दूगा’ म्हणजे इंद्रधनुष्य. वुकोतिच यांनी आपला पहिला चित्रपट, ‘कीचोचा जन्म कसा झाला’, याच संस्थेत केला.

हे इंद्रधनुष्य नावाप्रमाणेच अल्पायुषी ठरले. पाच चित्रपट बाहेर पडले, आणि १९५२ मध्ये सरकारी काटकसरीच्या लाटेत संस्था बंद झाली. नुकतीच कला हाती येऊ लागलेले तरुण चित्रकार पांगले. पुष्कळांच्या बाबतीत गोष्ट येथेच संपली असती.

हा खर्च एवढा का येतो, हे समजण्यासाठी थोडा हिशेब करणे अवश्य आहे. चित्रपटाच्या फितीवर एका सेकंदात चोवीस चौकटी डोळ्यांपुढून सरकतात. दहा मिनिटांच्या चित्रपटात अशा चौदा हजार चारशे चौकटी होतात. डिस्ने यांच्या पद्धतीत हालचाल अगदी लोण्यासारखी मऊ दिसावी लागे. एखाद्या पात्राने हात उचलला, तर हात खाली असतानाचे चित्र आणि हात वर गेल्याचे चित्र, या दोहोंमधील प्रत्येक टप्पा स्वतंत्रपणे काढावा लागे. एक चित्र दोन चौकटींपुरते धरले, तरी एकाच पात्रासाठी सात हजारांवर चित्रे लागतात. ती पारदर्शक सेल्युलॉइडवर उतरवायची, मागून रंगवायची, पार्श्वभूमीवर मांडायची आणि एकेक करून टिपायची. ज्या देशात युद्धाच्या जखमा अजून भरून आलेल्या नव्हत्या, तेथे हा थाट परवडणारा नव्हता.

१९५४ आणि १९५५ या दोन वर्षांत वुकोतिच आणि निकोला कोस्तेलाक यांच्यासारख्या काही जणांना जाहिरातपटांची कामे मिळाली. वेळ थोडा, पैसा त्याहून थोडा, आणि सांगायचे ते क्षणार्धात प्रेक्षकाच्या मनावर ठसले पाहिजे, ही अट. अशा वेळी मधली चित्रे गाळावी लागली. पात्र एका पवित्र्यातून एकदम दुसऱ्या पवित्र्यात जाऊ लागले. आणि तेव्हा एक नवल ध्यानात आले. मधले टप्पे गाळल्याने हालचाल अधू होत नव्हती. उलट तिला एक ठसका येत होता. डोळ्यांना जे दाखवले नाही ते प्रेक्षकाचे मन आपोआप भरून काढत होते. जे काम चित्र करीत नाही ते आवाजाने करता येते, संगीताच्या एका ठोक्याने करता येते, हेही उमगले.

त्याच सुमारास ‘द फोर पोस्टर’ हा अमेरिकन चित्रपट झाग्रेबमध्ये लागला. नाटकावरून घेतलेला हा नेहमीसारखा बोलपट. पण त्याच्या मधल्या मधल्या जागी जॉन हबली यांनी केलेली छोटी व्यंगचित्रे होती. त्यांत डिस्नेचा गुबगुबीतपणा नव्हता. सपाट रंग, मोजक्या रेषा, आणि आपण कागदावरचे चित्र आहोत हे न लपवणारी पात्रे. झाग्रेबच्या मंडळींनी हे तुकडे बारकाईने न्याहाळले. आपण जे अडचणीपोटी करीत आहोत, ते दुसरा कोणी अडचण नसताना आवडीने करीत आहे, हे त्यांना दिसले. हबली आणि त्यांचे सहकारी दरिद्री देशातले नव्हते. डिस्ने यांची चित्रशाळा सोडून ते बाहेर पडले होते, ते आपली निराळी दृष्टी घेऊन. तेव्हा थोडक्या रेषांचे चित्र हे केवळ तिजोरी रिकामी असल्याचे लक्षण नव्हे, तर जगाकडे पाहण्याची एक रीतही असू शकते, हा विश्वास झाग्रेबला येथे मिळाला. अंथरूण पाहून पाय पसरावेत हे शहाणपण जगात पुष्कळांना असते. या मंडळींनी त्या आखूड अंथरुणातच एक नवे आसन शोधून काढले.

१९५३ साली स्थापन झालेल्या ‘झाग्रेब फिल्म’ या संस्थेने १९५६ मध्ये व्यंगचित्रपटांचा स्वतंत्र विभाग उघडला. त्याचा पहिला चित्रपट वुकोतिच यांनीच केला : ‘खोडकर यंत्रमानव’. त्यानंतरची तीन-चार वर्षे त्यांच्या हातून झपाट्याने कामे होत गेली. ‘काउबॉय जिमी’मध्ये त्यांनी घोडेस्वार नायकांच्या अमेरिकन चित्रपटांची थट्टा केली, ‘मोठे भय’मध्ये भुताटकीच्या चित्रपटांची, ‘मशीनगनची मैफल’मध्ये बँका लुटणाऱ्या टोळ्यांच्या चित्रपटांची. ‘सूड घेणारा’ या चित्रपटासाठी त्यांनी चेकॉव्हच्या एका कथेचा आधार घेतला. या चित्रपटांत एक गोष्ट सारखी आढळते. वुकोतिच यांना ढोंगाची चीड आहे. पण ती चीड आरडाओरड करीत नाही, हसत हसत नेमके बोट ठेवते.

१९५८ साली कान येथील महोत्सवात झाग्रेबचे व्यंगचित्रपट एकत्र दाखवण्यात आले. फ्रेंच चित्रपट-इतिहासकार जॉर्ज सादूल यांनी त्यांना ‘झाग्रेब संप्रदाय’ हे नाव दिले आणि ते रूढ झाले. त्याच वर्षी वात्रोस्लाव मिमित्सा यांच्या ‘एकाकी’ या चित्रपटाचा व्हेनिस येथे गौरव झाला. संप्रदाय म्हटले म्हणजे एक गुरू आणि पुष्कळ शिष्य, असे चित्र आपल्या डोळ्यांपुढे येते. झाग्रेबमध्ये तसे नव्हते. मिमित्सा यांची वृत्ती उदास व चिंतनशील. व्लादो क्रिस्तल यांनी १९६१ मध्ये ‘डॉन किहोते’ काढताना कथानकच जवळजवळ मोडून टाकले आणि आकारांचा खेळ मांडला. वुकोतिच यांनी मात्र गोष्ट कधी सोडली नाही. धाडसाच्या तराजूत क्रिस्तल यांचे पारडे जड ठरेल. पण लहान मुलालाही समजावी आणि मोठ्या माणसाला बोचावी अशी गोष्ट सांगण्यात वुकोतिच यांची बरोबरी करणारे तेथे थोडे होते.

‘सुरोगात’ची गोष्ट अशीच आहे. एक बुटका, त्रिकोणी बांध्याचा माणूस मोटारीतून समुद्रकिनारी सुटी घालवण्यास येतो. त्याच्या सामानात लहान लहान रंगीत तुकडे असतात. एकेक तुकडा काढून तो त्यात हवा भरतो, आणि त्याला हवी ती वस्तू तयार होते. तंबू होतो, नाव होते, खाण्याचे पदार्थही होतात. सारे मनासारखे झाले, तेव्हा तो हवा भरून एक सुंदर स्त्री निर्माण करतो. येथे मात्र त्याचा हिशेब चुकतो. त्याच्या फुंकरीने आकाराला आलेली ही बाई त्याच्याकडे ढुंकूनही पाहत नाही. तिचे मन दुसऱ्याच पुरुषावर जाते. तेव्हा हा गृहस्थ चिडून आपल्या सृष्टीची हवा काढून टाकतो, सगळे पुन्हा गुंडाळतो आणि मोटारीत बसून निघतो. वाटेत एक खिळा असतो. तो रुतताच मोटारीची हवा जाते. आणि तिच्यापाठोपाठ त्या माणसाचीही! जो इतका वेळ जगात हवा भरीत होता, तोही हवेचाच होता.

सुमारे दहा मिनिटांच्या या चित्रपटात अर्थ लागेल असा एकही शब्द उच्चारला जात नाही. तोमित्सा सिमोविच यांचे खेळकर संगीत संवादाची जागा घेते. ज्यांची भाषा थोडे लोक बोलतात, त्यांना आपले म्हणणे जगाला ऐकवण्यासाठी नेहमी दुभाष्या लागतो. झाग्रेबच्या चित्रपटांनी दुभाष्याची गरजच ठेवली नाही, हे त्यांच्या दूरवर पोहोचण्याचे एक मोठे कारण होय.

परंतु खरी गोम आणखी खोल आहे. हीच कथा डिस्नेच्या पद्धतीने काढली असती तर काय झाले असते? समुद्राच्या लाटा खऱ्यासारख्या उसळल्या असत्या, बाईचे केस वाऱ्यावर खरे वाटावेत असे भुरभुरले असते, आणि चित्र जितके खऱ्यासारखे झाले असते तितका कथेचा कणा मोडला असता. नकलीपणाची गोष्ट सांगायची, तर चित्राने खरेपणाचा आव आणता कामा नये. वुकोतिच यांचा माणूस पहिल्यापासूनच कागदाच्या कपट्यासारखा दिसतो. म्हणूनच शेवटी तो फुसकन् बसतो तेव्हा ते पटते. जी रीत प्रथम काटकसर म्हणून पत्करली होती, तीच येथे कथेचा प्राण झाली. गरिबीने फार तर शैलीचे दार उघडले. आत काय मांडायचे हे गरिबीने ठरवले नव्हते. पुढे कीर्ती आली, अनुभवही आला. पण झाग्रेबचे चित्रकार जुन्या गुबगुबीत पद्धतीकडे परत गेले नाहीत, यातच सारे आले.

ऑस्करनंतर वुकोतिच यांना ‘सुरोगात’च्याच धाटणीचे चित्रपट वर्षानुवर्षे काढीत राहणे सोपे होते. त्यांनी तसे केले नाही. १९६२ च्या ‘खेळ’ या चित्रपटात त्यांनी एक खराखुरा मुलगा आणि एक खरीखुरी मुलगी कागद-रंग घेऊन समोरासमोर बसवली. मुले चित्रे काढतात आणि ती चित्रे हलू लागतात. आधी गंमत, मग कुरघोडी, मग भांडण, आणि पाहता पाहता कागदावर युद्ध पेटते. त्याच वर्षी, १९६२ च्या ऑक्टोबरात, क्यूबाच्या प्रश्नावरून अमेरिका आणि रशिया अणुयुद्धाच्या उंबरठ्यावर उभे राहिले होते. हे ध्यानात घेतले म्हणजे या बाललीलेतील भीती कळते. याआधी ‘पिक्कोलो’ या चित्रपटातही त्यांनी हाच विषय हाताळला होता. गुण्यागोविंदाने राहणारे दोन शेजारी एका लहानशा वाद्यावरून चढाओढीला लागतात आणि त्या गोंगाटात त्यांचे राहते घरच उद्ध्वस्त होते. ‘खेळ’ला ऑस्करसाठी नामांकन मिळाले, पारितोषिक मात्र दुसऱ्या चित्रपटाकडे गेले.

यापुढे ते खऱ्या नटांच्या पूर्ण लांबीच्या चित्रपटांकडे वळले. ‘सातवे खंड’ (१९६६) मध्ये मोठ्या माणसांना कंटाळलेली मुले एका निर्मनुष्य बेटावर आपले स्वतःचे जग वसवतात. ‘परग्रहावरील पाहुणे’ (१९८१) मध्ये एका लेखकाच्या कल्पनेतील प्राणी खरोखरच त्याच्यापुढे येऊन उभे राहतात. त्यातील राक्षसाच्या निर्मितीत यान श्वांकमायेर या झेक कलावंताचा हात होता. या दीर्घ चित्रपटांना त्यांच्या लघुपटांची धार आली नाही, हे मान्य करावयास हवे. दहा मिनिटांत जो मुद्दा बाणासारखा जाऊन रुततो, तो दीड तासात ताणला म्हणजे सैल पडतो. तथापि, कल्पनेने निर्माण केलेली वस्तू निर्मात्याच्या हाताबाहेर जाते, हे ‘सुरोगात’मधील सूत्र येथेही तुटलेले नाही.

या सर्वांत निराळा ठरतो तो १९७७ चा ‘स्टेडियमवरील कारवाई’ हा चित्रपट. यात थट्टा नाही. १९४१ साली झाग्रेबवर उस्ताशा या फॅसिस्ट पक्षाचा अंमल बसला. शहरातील विद्यार्थ्यांना एका क्रीडांगणावर बोलावण्यात आले आणि सर्ब व ज्यू मुलांनी बाजूला व्हावे, असे फर्मान निघाले. तेव्हा उरलेली मुले आपल्या जागी थांबली नाहीत. तीही उठून त्यांच्यात जाऊन मिसळली. कोण कोणत्या वंशाचा हे ओळखू येईना. या घटनेवर हा चित्रपट आधारलेला आहे. हेर्झेगोव्हिनात जन्मलेल्या आणि झाग्रेबला आपले मानलेल्या कलावंताने ही गोष्ट निवडावी, याला अर्थ आहे. त्यानंतर चौदा वर्षांनी, १९९१ मध्ये, युगोस्लाव्हिया मोडला, आणि माणसांना वंशावरून बाजूला काढण्याचे तेच काम शेजारच्या गावांत पुन्हा सुरू झाले. ‘पिक्कोलो’मधील दोन शेजाऱ्यांचे घर आता पडद्यावर नव्हे, तर खरोखरच कोसळत होते.

वुकोतिच यांनी आपली विद्या जवळ दडवून ठेवली नाही. झाग्रेबच्या नाट्यकला अकादमीत त्यांनी चित्रपट-दिग्दर्शनाचे अध्यापन केले. १९७२ पासून त्याच शहरात व्यंगचित्रपटांचा जागतिक महोत्सव भरू लागला. ज्या गावात ही कला शिकवणारे कोणी नव्हते, तेथे ती पाहण्यासाठी आणि शिकण्यासाठी देशोदेशींचे कलावंत येऊ लागले. ८ जुलै १९९८ रोजी वयाच्या बाहत्तराव्या वर्षी वुकोतिच निवर्तले. ज्या राष्ट्राच्या नावाने त्यांच्या चित्रपटाला ऑस्कर मिळाले होते, ते राष्ट्र तोवर नकाशावर त्या रूपात उरले नव्हते.

राष्ट्रांच्या सीमा अशा हलतात, संस्था निघतात आणि बुडतात, पारितोषिकांवर धूळ बसते. ‘सुरोगात’मधला तो त्रिकोणी माणूस मात्र आजही तसाच मोटारीतून उतरतो आणि आपल्या रंगीत तुकड्यांत हवा भरू लागतो. त्याला पाहून मुले हसतात. त्यांच्याबरोबर मोठी माणसेही हसतात. आणि शेवटचा तो खिळा आला म्हणजे क्षणभर गप्प होतात. आपल्या भोवतीच्या किती वस्तू आपण फुंकून मोठ्या केल्या आहेत, आणि फुंकणारे आपण तरी कितपत भरीव आहोत, हा प्रश्न तो खिळा प्रत्येकाला विचारून जातो. मोजक्या रेषांत एवढे विचारता येते, हे दुशान वुकोतिच यांनी सिद्ध करून दाखवले.